धर्मेंद्रची पडद्यावरची आई : सोफिको चिआउरेली

‘अलिबाबा और ४० चोर’मध्ये अलिबाबाच्या आईचं काम केलेली बाई कोण, आणि तिचे बाकीचे चित्रपट कुठून पाहायला घ्यावेत, असं तुम्ही विचारलंय. ती तेव्हाच्या सोव्हिएत संघातल्या जॉर्जियाची सोफिको चिआउरेली. १९८० चा तो चित्रपट भारत-सोव्हिएत सहनिर्मितीतला, म्हणून धर्मेंद्र, हेमा मालिनी, झीनत अमान यांच्याबरोबर तिकडचेही कलाकार होते. सोफिकोचा जन्म २१ मे १९३७ चा आणि धर्मेंद्रचा १९३५ चा. म्हणजे आई मुलाहून लहान! पण त्या भूमिकेवरून तिला जोखू नका, तिथे तिच्या वाट्याला फारसं काही आलेलंच नाही.

जॉर्जियाच्या राजधानीतलं, तिबिलिसीतलं हे नटांचं घर. वडील मिखाइल चिआउरेली स्टालिनच्या मर्जीतले दिग्दर्शक, आई वेरिको अंजापारिद्झे जॉर्जियन रंगभूमीवरची थोर नटी. सोफिको मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत शिकली, १९६० मध्ये बाहेर पडली आणि मार्जानिश्विली थिएटरमध्ये दाखल झाली. मधली काही वर्षं रुस्तावेली थिएटर, मग पुन्हा मार्जानिश्विली. पडद्यावर मात्र ती १९५६ मध्येच आली होती, रेझो छेइद्झेच्या चित्रपटात. त्यात तिच्यासोबत असलेला गिओर्गी शेंगेलाया पुढे तिचा नवरा झाला, आणि नावाजलेला दिग्दर्शकही.

आता क्रम. बहुतेक जण थेट सोव्हिएत दिग्दर्शक पाराजानोव्हच्या ‘द कलर ऑफ पोमग्रॅनेट्स’ला (१९६९) हात घालतात आणि तिथेच अडकतात. त्यात कॅमेरा जवळजवळ हलत नाही, पात्रं समोर बघत उभी असतात, संवाद नाहीतच म्हणा. तिचा आवाज, बोलण्याची लय, चिडणं, हसणं यातलं काहीच हाती लागत नाही आणि ‘सुंदर चेहरा’ एवढीच आठवण उरते. हा अन्याय आहे.

सुरुवात करा लाना गोगोबेरिद्झेच्या ‘सम इंटरव्ह्यूज ऑन पर्सनल मॅटर्स’पासून (१९७८). सोफिको यात वर्तमानपत्रातली पत्रकार आहे. दिवसभर इतर बायकांना त्यांच्या सुखदुःखाविषयी प्रश्न विचारत फिरते आणि तिकडे तिचाच संसार मोडत चाललेला असतो. मुलाखतींच्या प्रसंगांत बोलणाऱ्या बाईपेक्षा ऐकणाऱ्या सोफिकोकडे लक्ष ठेवा. समोरचीचं वाक्य पुरं व्हायच्या आत तिच्या चेहऱ्यावर ते येऊन गेलेलं असतं. माझ्या मते हे तिचं सर्वोत्तम काम. चित्रपटातला, छावणीतून परतलेल्या आईचा धागा दिग्दर्शिकेच्या घरातूनच आलाय. तिची आई नुत्सा गोगोबेरिद्झे हीसुद्धा दिग्दर्शिका होती आणि तिने दहा वर्षं गुलागमध्ये, म्हणजे स्टालिनकाळातल्या सक्तमजुरीच्या छावण्यांत काढली.

मग तेंगिझ अबुलाद्झेचा ‘द विशिंग ट्री’ (१९७६). क्रांतीपूर्व काळातलं खेडं, आणि त्यात सोफिको फुपाला झालीय : नटूनथटून, छत्री घेऊन, न घडलेल्या प्रेमाच्या आठवणी सांगत फिरणारी. अशी भूमिका चटकन विनोदी होते. ती तशी होऊ देत नाही, कारण फुपालाचा स्वतःवरचा विश्वास ती एकदाही ढळू देत नाही.

यानंतर पाराजानोव्हचा ‘पोमग्रॅनेट्स’. सायात-नोव्हा या अठराव्या शतकातल्या कवीवरच्या त्या चित्रपटात तरुण कवीही तीच आणि त्याची प्रेयसीही तीच. शिवाय आणखी भूमिका आहेत. हे माहीत नसेल तर प्रेक्षक दोन वेगळे कलाकार समजून बसतो. पाहण्याआधी लांबी तपासा. युत्केविच या दुसऱ्या सोव्हिएत दिग्दर्शकाने नव्याने संकलित केलेली प्रत साधारण ७३ मिनिटांची आहे. २०१४ मध्ये पुनरुज्जीवित झालेली, दिग्दर्शकाच्या मांडणीला जवळची प्रत ७८ मिनिटांच्या आसपास भरते. तीच घ्या, रंगांतही फरक पडतो. पुढे पाराजानोव्हच्याच ‘द लेजंड ऑफ सुराम फोर्ट्रेस’मध्ये (१९८५) ती थोराड वयाची भविष्य सांगणारी बाई आहे. किल्ल्याची भिंत उभी राहायची तर त्यात तरुण मुलाला चिणायला हवं, असं सांगणारी. आपल्याकडच्या बुरुजांच्या दंतकथा ऐकलेल्यांना ती कथा परकी वाटणार नाही.

एक पथ्य पाळाच : ऑडिओ जॉर्जियन निवडा. जुन्या प्रतींवर रशियन डबिंग असतं, कधी तर सगळ्या पात्रांना एकच निवेदक, आणि खाली मूळ आवाज पुसट ऐकू येतो. रंगभूमीवर घडलेला तिचा आवाज गेला तर ‘इंटरव्ह्यूज’ निम्माच उरतो. सबटायटल्स वेगळी मिळाली तर आधी दहा मिनिटं जुळवून बघा. वेगवेगळ्या प्रतींत ती मागेपुढे होतात.

उत्तरायुष्यात तिने दुसरे पती कोटे माखाराद्झे यांच्यासोबत (नट, आणि फुटबॉलचे गाजलेले समालोचक) तिबिलिसीतल्या राहत्या घरीच वेरिकोच्या नावाने छोटं थिएटर चालवलं. २ मार्च २००८ रोजी ती गेली. तिच्या आईचं काम पाहायचं असेल तर अबुलाद्झेच्या ‘रिपेंटन्स’चा (१९८४) शेवटचा प्रसंग बघा; चर्चकडे जाणारा रस्ता विचारणारी म्हातारी म्हणजे वेरिको.