सरंजामशाही जपानमध्ये किल्ला बांधण्यावरून सरदारांमध्ये भांडणं का व्हायची?

कारण किल्ला एकाचा आणि खर्च दुसऱ्याचा! नागोयाचंच बघा. १६१० मध्ये जपानची सत्ता हाती असलेल्या तोकुगावा इएयासूने हा किल्ला आपल्या योशिनाओ या मुलासाठी बांधायला घेतला. मुलगा जेमतेम दहा वर्षांचा. दगड, मजूर, पैसा मात्र वीसेक सरदारांनी स्वतःच्या खिशातून आणायचा. यातले बरेचसे पूर्वी तोयोतोमी या आधीच्या सत्ताधारी घराण्याच्या बाजूचे, म्हणजे त्यांची तिजोरी रिकामी झालेली इएयासूला हवीच होती.

तटाचा कोणता तुकडा कोणी बांधायचा हे वाटून दिलेलं असे. शेजारी-शेजारी काम, त्यात दगडांवरून तंटे. म्हणून प्रत्येक जण आपल्या दगडावर खूण कोरायचा. त्या खुणा आजही तिथे दिसतात. मुख्य बुरुजाचा दगडी पाया यांपैकीच एक सरदार, कातो कियोमासाने बांधला.

फुकुशिमा मासानोरी हा दुसरा सरदार तिथे कुरकुरला, "पोराच्या किल्ल्यासाठीही आम्हीच राबायचं का?" त्यावर कियोमासा म्हणाला, "एवढंच असेल तर घरी जा आणि बंडाची तयारी कर." आख्यायिका आहे, पण वातावरण नेमकं सांगते.

पुढे १६१५ मध्ये नियम आला: नवा किल्ला बांधायचा नाही, डागडुजीलाही शोगुनच्या (जपानच्या लष्करी सत्ताधीशाच्या) सरकारची परवानगी हवी. पुरात खराब झालेला हिरोशिमा किल्ला याच मासानोरीने परवानगीविना दुरुस्त केला आणि १६१९ मध्ये जवळपास ५ लाख कोकूंची जहागीर गमावली. (कोकू म्हणजे तांदळाचं माप, जहागिरी त्यातच मोजत.) हातात उरले ४५ हजार.