'वासा' उलटलं, फुटलं की कलंडलं?

प्रश्न असा आहे: स्वीडनचं 'वासा' हे शिडाचं लढाऊ जहाज 1628 साली पहिल्याच सफरीत बुडालं. मराठीत त्याबद्दल लिहिताना कुणी 'उलटलं' लिहितं, कुणी 'फुटलं'. यातलं बरोबर कोणतं?

दोन्ही नाहीत. इथे शब्द हवा 'कलंडलं'.

'फुटणे' लगेच बाजूला ठेवता येईल. मडकं फुटतं, नारळ फुटतो, तसं जहाज कशावर तरी आदळून फुटतं. इंग्रजांचं 'असोसिएशन' हे लढाऊ जहाज ऑक्टोबर 1707 मध्ये सिली बेटांजवळच्या खडकांवर आदळलं, ते फुटलं. 'वासा'च्या वाटेत खडक नव्हता. स्टॉकहोम बंदराच्या तळाशी ते 333 वर्षं होतं आणि 24 एप्रिल 1961 रोजी पाण्याबाहेर आलं, ते जवळजवळ अखंड. (बाल्टिकचं पाणी कमी खारट, त्यामुळे लाकूड पोखरणारा समुद्री किडा तिथे टिकत नाही.) फुटलेलं जहाज असं वर येत नाही.

'उलटणे'बद्दल जास्त गोंधळ होतो, कारण बातम्यांत रोज 'होडी उलटली' वाचतो. होडी खरोखरच उलटते: तळ वर, काठ खाली. 'वासा' मात्र तळाला टेकलं तेव्हा सरळ उभं होतं आणि डोलकाठ्यांची टोकं पाण्यावर दिसत होती.

आता 'कलणे' आणि 'कलंडणे'. दिवस कलतो, तराजूचं पारडं कलतं, मतमोजणीतही 'कल' येतात. कललेली वस्तू अजून सावरू शकते. कलंडलेली घागर मात्र आपणहून उभी राहत नाही, आतलं सांडतं किंवा बाहेरचं आत शिरतं. हा 'सावरण्या'चा फरक जहाजाच्या बाबतीत अगदी नेमका लागू पडतो.

10 ऑगस्ट 1628 रोजी दहांपैकी चारच शिडं उभारून जहाज निघालं. वारा हलका होता. पहिली झुळूक आली, जहाज डावीकडे कललं आणि सावरलं. दुसऱ्या झुळकीला पुन्हा कललं, ते सावरलंच नाही. सलामी दिल्यामुळे तोफांच्या खिडक्या उघड्याच होत्या. खालच्या रांगेतल्या खिडक्या पाण्याखाली गेल्या, पाणी आत घुसलं आणि जहाज बुडालं. जेमतेम 1300 मीटर अंतर कापलं होतं. सुमारे 30 माणसं गेली. म्हणजे क्रम असा: कललं, सावरलं, पुन्हा कललं, कलंडलं, बुडालं. पाच क्रियापदांत अख्खा अपघात येतो, आणि 'उलटलं' म्हटलं की मधली सगळी पायरी पुसली जाते.

सावरलं का नाही? कललेल्या बाजूला जहाज पाण्यात जास्त बसतं आणि पाणी ती बाजू वर रेटतं. वजन खाली असेल तर हा रेटा पुरतो. इथे 64 तोफा, दोन तोफमजले आणि वरचं जाड लाकूडकाम यांमुळे जहाज वरून जड होतं. तळात भारासाठी सुमारे 120 टन दगड होते. आणखी भरावेत तर जहाज खोल बसून त्याच खिडक्या पाण्याच्या आणखी जवळ आल्या असत्या. निघण्याआधी 30 खलाशांना या काठापासून त्या काठापर्यंत पळवून चाचणी घेतली होती. तीन फेऱ्यांतच जहाज इतकं हेलकावलं की चाचणी थांबवावी लागली. तरी ते पाठवलं, याची हळहळ आजही वाटते.

'कलवणे' हे प्रयोजक रूपही विसरू नये. 29 ऑगस्ट 1782 रोजी पोर्ट्समथजवळ स्पिटहेडला 'रॉयल जॉर्ज' हे 100 तोफांचं जहाज पाण्याखालच्या भागाच्या दुरुस्तीसाठी तोफा सरकवून मुद्दाम कलवलं होतं. खालच्या बाजूच्या खिडक्यांतून पाणी शिरलं आणि 800 हून अधिक माणसं बुडाली. तिथे 'कलवलेलं जहाज कलंडलं' असं लिहा.

जाता जाता: या नावाचा आपल्या घराच्या वाशाशी संबंध नाही. 'वासा' हे तिथल्या तेव्हाच्या राजघराण्याचं नाव, आणि त्याच्या चिन्हात धान्याची पेंढी होती.