तिच्या टाचा जमिनीला टेकलेल्या नाहीत

प्रश्न : ताई, कोरियातल्या एका पुतळ्याचा फोटो पाहण्यात आला. खुर्चीवर बसलेली अनवाणी मुलगी आणि तिच्या गळ्यात कुणीतरी गुंडाळलेला खराखुरा लोकरीचा मफलर. खाली लिहिलं होतं, 'कम्फर्ट विमेन'चं, म्हणजे दुसऱ्या महायुद्धाच्या काळात जपानी सैन्याच्या कुंटणखान्यांत सैनिकांसाठी ठेवलेल्या बायकांचं, स्मारक. माझा पुतण्या म्हणतो, त्या बायकांना पैसे मिळायचे, मग गुलामी कसली? आणि एवढा अन्याय झाला होता तर पन्नास वर्षं गप्प का बसल्या? मला त्याला उत्तर देता आलं नाही. तुम्ही कोरियन भाषेचं काम करता, म्हणून विचारते.

उत्तर : मफलरपासूनच सुरुवात करते, कारण तो मी जवळून पाहिलाय. भाषांतराच्या कामासाठी सोलला गेले होते, तेव्हा एका बुधवारी दुपारी बारा वाजता, या बायकांसाठीच्या निदर्शनाच्या वेळी, त्या पुतळ्याजवळ उभी होते. कडाक्याची थंडी होती. पुतळ्याच्या डोक्यावर विणलेली टोपी होती, पायांत मोजे होते. एक शाळकरी मुलगी खाली वाकून तो मोजा नीट वर ओढत होती, तेव्हा माझं लक्ष पायांकडे गेलं. टाचा अधांतरी आहेत. घरी परत येऊनही यांचे पाय कधी जमिनीवर टेकले नाहीत, असा त्याचा अर्थ. केस वेडेवाकडे कापलेले आहेत, मुठी आवळलेल्या आहेत. शिल्पकार दांपत्याने आधी हात साधेच ठेवले होते. जपानकडून विरोध सुरू झाल्यावर त्यांनी मुठी आवळल्या. जमिनीवर पडलेली सावली मात्र मुलीची नाही, वाकलेल्या म्हातारीची आहे. शेजारी एक रिकामी खुर्ची. समोर रस्ता ओलांडला की जपानच्या वकिलातीची जागा.

आता पैशांचं. हा मुद्दा तुमच्या पुतण्याने काढलेला नाही, ही गुलामी होती हे नाकारणारे लोक तो वर्षानुवर्षं मांडत आलेत, म्हणून त्याला नीट उत्तर द्यायला हवं.

1944च्या ऑगस्टमध्ये ब्रह्मदेशातलं मिचिना जपान्यांच्या हातून गेलं आणि वीस कोरियन स्त्रिया अमेरिकी सैन्याच्या ताब्यात आल्या. त्यांची चौकशी झाली ती आपल्या आसामातल्या लेडोला. त्या चौकशीच्या अहवालाचा सूर त्या बायकांबद्दल तुच्छतेचा आहे आणि त्यातली निवडक वाक्यं नाकारणारे लोक आवडीने दाखवतात. पण तोच अहवाल पुढेही वाचावा. इस्पितळात जखमी सैनिकांची सेवा, बँडेज गुंडाळणं, असं हलकं काम आहे असं सांगून दलालांनी या मुली गोळा केल्या. घरच्यांना काहीशे येन आगाऊ दिले. त्या पैशांपायी मुलगी सैन्याच्या नियमांना आणि कुंटणखान्याच्या मालकाला बांधली गेली. तिच्या नावावर जमणाऱ्या कमाईतला निम्मा किंवा त्याहून जास्त वाटा मालक घ्यायचा. आपल्याकडे वेठबिगारी म्हणजे काय हे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. उचल घेतली म्हणून माणूस राजीखुशीने राबतो, असं आपण म्हणतो का?

आणखी एक हिशेब सांगते. मून ओक-जू या कोरियातल्या देगू शहराच्या. 1942मध्ये त्यांना ब्रह्मदेशात नेलं. सैनिकांनी हातावर ठेवलेले पैसे त्या सैन्याच्या टपाल बचत खात्यात भरत. त्या खात्यात 26,145 येन शिल्लक असल्याची नोंद आहे. ऐकायला मोठी रक्कम वाटते. पण ब्रह्मदेशात तेव्हा जपानी सैन्याने छापलेल्या नोटांना काही किंमत उरली नव्हती. 1992मध्ये, म्हातारपणी, त्या जपानमधल्या शिमोनोसेकीला गेल्या आणि आपले पैसे परत मागितले. उत्तर मिळालं, जपान आणि दक्षिण कोरिया यांच्यातल्या 1965च्या करारात सगळे दावे मिटले आहेत. 1996मध्ये त्या वारल्या. पैसे मिळायचे म्हणणाऱ्यांना हे खातं दाखवा.

माझ्या मते, त्या गेल्या की त्यांना नेलं यावर वाद घालण्यात फार अर्थ नाही. कुणाला फसवून नेलं, कुणाला उचलून, कुणाला दलालाने विकलं. एकदा आत गेल्यावर उठून घरी जाता येत होतं का, एवढंच विचारा. येत नव्हतं.

गप्प का बसल्या? कोरिया 1910पासून जपानची वसाहत होता. युद्ध संपल्यावर देशाचे दोन तुकडे झाले, 1950मध्ये पुन्हा युद्ध पेटलं. आणि घराण्याची अब्रू बाईच्या अंगावर लादायची रीत तिथेही आपल्याइतकीच घट्ट. आईलासुद्धा सांगता आलं नाही अशा कितीतरी. मग 1990मध्ये जपान सरकारने संसदेत सांगितलं की या बायकांना खासगी धंदेवाल्यांनी फिरवलं, सरकारचा संबंध नाही. हे ऐकून किम हाक-सून यांना राहवलं नाही. सतराव्या वर्षी चीनमध्ये सैनिकांनी त्यांना पकडून नेलं होतं. पुढे सुटल्या, लग्न झालं, पण नवरा गेला, दोन्ही मुलं गेली. 14 ऑगस्ट 1991 रोजी, वयाच्या सदुसष्टाव्या वर्षी, त्यांनी स्वतःचं नाव आणि चेहरा समोर ठेवून सगळं सांगितलं. ज्यांच्या अब्रूची काळजी वाहायची ते कुणी मागे राहिलंच नव्हतं, हे वाचताना मला फार लागतं. त्यांच्यामागून इतर पुढे येत गेल्या. दक्षिण कोरियाच्या सरकारकडे 240 जणींची नोंद झाली. ज्या परतल्याच नाहीत किंवा बोलल्याच नाहीत, त्या यात नाहीत.

पुढच्याच जानेवारीत जपानी इतिहासकार योशिमी योशिआकी यांनी संरक्षण खात्याच्या ग्रंथालयातून यात सैन्याचा हात दाखवणारे सैन्याचेच कागद शोधून काढले. 1993मध्ये जपान सरकारचे मुख्य कॅबिनेट सचिव कोनो योहेई यांनी सैन्याचा हात होता हे मान्य करून माफी मागितली. 'मग अजून काय हवंय?' असं पुतण्या विचारील. 1995मध्ये जपानमध्ये या बायकांसाठी जो निधी निघाला, त्यातले भरपाईचे पैसे जपानी नागरिकांच्या देणगीतून आले होते. सरकारने कायद्याने जबाबदारी घेतली नाही, म्हणून कोरियातल्या बऱ्याच जणींनी ते नाकारले. 28 डिसेंबर 2015ला जपान आणि दक्षिण कोरियाच्या सरकारांनी, जपानने एक अब्ज येन द्यायचे, असा करार केला आणि प्रश्न कायमचा मिटल्याचं जाहीर केलं. ज्यांचा हा प्रश्न, त्यांना विचारलंच नव्हतं. चौदाव्या वर्षी नेलेल्या किम बोक-दोंग यांनी त्या कराराला उघड विरोध केला. 2019मध्ये गेल्या, तोवर लढत होत्या. आता हयात आहेत त्या हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या.

प्रश्न : मराठीत लिहिताना यांना काय म्हणावं? 'सुखस्त्रिया' हा शब्द वाचला, कसासाच वाटला.

उत्तर : वाटणारच. जपानी शब्द 'इआन्फु', म्हणजे दिलासा देणारी बाई. तो सैन्याने आपल्या सोयीसाठी घडवला. दिलासा कुणाला, ते त्यातच कळतं. संयुक्त राष्ट्रांच्या 1996च्या अहवालात राधिका कुमारस्वामी यांनी 'लष्करी लैंगिक गुलामी' असं स्पष्ट म्हटलं. घटनेबद्दल लिहिताना हेच शब्द वापरा. पण 'गुलाम' ही ओळख काही जणींना स्वतःला नकोशी वाटायची, म्हणून माणसाबद्दल लिहिताना नाव लिहा. बुधवारी त्या रस्त्यावर मुलं त्यांना 'हाल्मोनी' म्हणून हाक मारत होती. हाल्मोनी म्हणजे आजी. जुना शब्द लिहावाच लागला, तर कोरियन लोक करतात तसा अवतरणचिन्हांत ठेवा. मफलरच्या फोटोखाली ती चिन्हं होती का, ते पुन्हा पाहून कळवाल?