वाचकांचे प्रश्न : शोकांतिकांचा नट विनोदाकडे कसा वळला?

प्रश्न : इटलीचे व्हित्तोरियो गासमान मूळचे गंभीर नाटकांतले. विनोदी चित्रपटांत ते इतके चपखल कसे बसले?

उत्तर : रोमच्या नाट्य अकादमीत घडलेल्या गासमान यांनी १९५२ मध्ये ‘हॅम्लेट’ गाजवला. १९५६ मध्ये नट साल्व्हो रांदोने यांच्यासोबत शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’त नायक ऑथेल्लो आणि खलनायक इयागो या भूमिका आलटून-पालटून केल्या, हे तर फारच अवघड काम! पडद्यावर मात्र ‘रिझो आमारो’पासून (१९४९) खलनायकाचा शिक्का बसला. अडचण त्या देखण्या, करारी चेहऱ्याचीच होती. ‘इ सोलिती इन्योती’ या विनोदी चित्रपटासाठी (१९५८) दिग्दर्शक मारिओ मोनिचेल्ली यांनी तोच बदलला. केस कपाळावर खाली आणले, नाकाचा आकार बदलला, बोलणं तोतरं केलं. रंगभूमीवर कमावलेली वाणी अडखळायला लागली की प्रेक्षक हसणारच. ‘इल सोर्पासो’त (१९६२) असल्या रंगभूषेची गरजच उरली नाही. पुढे ‘प्रोफुमो दि दोन्ना’साठी १९७५ मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोत्तम अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. सुरुवात ‘इल सोर्पासो’पासून करा.