तीन वर्षं हप्ते भरले, तरी पंधराची अठरा कशी झाली?

"मॅडम, आम्ही फसलोय काय, तेवढंच सांगा."

खुर्चीत नीट टेकायच्या आधीच त्यांनी विचारलं. सोबत बायको होती. तिच्या हातात साडीच्या दुकानाची जुनी कापडी पिशवी आणि पिशवीत कर्जाचे सगळे कागद. 2024 चं नवरात्र तोंडावर आलेलं. ब्लाउज शिवणारी बाई ऐन गर्दीत मशीन बंद करून बेळगावच्या शहापुरात माझ्याकडे कर्जाबद्दल सल्ला विचारायला येते, म्हणजे घरात दोन-चार रात्री कुणी नीट झोपलेलं नसणार.

ओळख पटू नये एवढा बदल करून हकीगत सांगते. नवरा उद्यमबागेत एका मशीन शॉपमध्ये सीएनसी ऑपरेटर, पगार 42,000 च्या आसपास. वडील वडगावात मागावर बसायचे. भावकीत वाटण्या झाल्यावर यांनी मच्छेला छोटं घर घेतलं. सप्टेंबर 2021 मध्ये बँकेचं 24 लाखांचं कर्ज, मुदत 15 वर्षं, दर 7 टक्के, हप्ता 21,572. एकही हप्ता चुकवलेला नाही. मुलीच्या शाळेच्या कामाला दाखला हवा म्हणून बँकेत गेले, तर काउंटरवरच्या पोरानं स्क्रीन बघून सांगितलं, बाकी 22,19,490 रुपये, हप्ते राहिले 214, म्हणजे जवळजवळ अठरा वर्षं.

"पंधरा वर्षांचे 180 की हो. आम्ही 36 भरलो. 144 राहायला पाहिजेत. हे 214 कुठनं आले?"

हा प्रश्न माझ्याकडे दर महिन्याला कुणी ना कुणी घेऊन येतं. आकडे वेगळे असतात, चेहरा तोच. म्हणून आधी उत्तर सांगते. फसवणूक झालेली नव्हती. पण त्यांना कळेल अशा शब्दांत कुणी काही सांगितलंही नव्हतं.

कर्ज बदलत्या दराचं होतं. ऑक्टोबर 2019 पासून बँकांची अशी नवी गृहकर्जं बाहेरच्या एखाद्या दराला बांधलेली असतात. बहुतेक ठिकाणी तो रिझर्व्ह बँकेचा रेपो दर असतो, म्हणजे रिझर्व्ह बँक इतर बँकांना ज्या दरानं पैसे देते तो. 2021 मध्ये रेपो 4 टक्के होता, त्यावर यांच्या बँकेचे 3 टक्के, मिळून 7. मग मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या नऊ-दहा महिन्यांत रेपो 4 वरून 6.5 वर गेला. यांचा दर झाला 9.5. हप्ता मात्र 21,572 चाच राहिला. बँकेनं हप्त्याला हात न लावता मुदत लांबवली होती.

बाईंनी फोनमधला एक मेसेज दाखवला. इंग्रजीत होता, दोन ओळींचा, दर आणि मुदत बदलल्याचा. "हे जाहिरातीचं असेल म्हणून ठेवलोय तसंच," त्या म्हणाल्या. आपल्या भागात हे फार होतं. खरेदीखत कन्नडात, मंजुरीपत्र इंग्रजीत, आणि घरातला हिशेब मराठीत. तिन्ही भाषा ऐकून समजतात, पण बारीक अक्षर वाचायची वेळ आली की माणूस सही करून मोकळा होतो.

मी खात्याचा उतारा काढायला लावला आणि लाल स्केचपेन बाईंच्या हातात दिला. प्रत्येक हप्त्यासमोर दोन आकडे असतात, व्याजाचा आणि मुद्दलाचा. म्हटलं, मुद्दलाच्या आकड्याभोवती गोल काढत खाली या. पहिला गोल ऑक्टोबर 2021 चा, 7,572. व्याज होतं 14,000. खाली येता येता गोलातले आकडे बारीक होत गेले. एप्रिल 2023 ला पेन थांबला. व्याज 18,100 आणि मुद्दल 3,472.

"म्हणजे कापडापेक्षा शिलाई जास्त," त्या म्हणाल्या.

तीन वर्षांत या घरानं 7,76,592 रुपये भरले होते. त्यातले 1,80,510 घराच्या कर्जातून वजा झाले, बाकीचं जवळजवळ 6 लाख व्याज. सुरुवातीचा दर तसाच राहिला असता, तर पंधरा वर्षांत एकूण व्याज 14.83 लाख झालं असतं. आता आहे तसंच सोडलं आणि दरही 9.5 वरच राहिला, तर 29.87 लाख. दुप्पट! आणि खिशातून दर महिन्याला एक रुपयासुद्धा जास्त गेलेला नसताना.

मला यातली खरी गोम हीच वाटते. हप्ता चार हजारांनी वाढला असता तर हे दोघे दुसऱ्या दिवशी बँकेच्या दारात उभे राहिले असते. वाढला नाही, म्हणून निवांत राहिले. आपण कर्ज घेतानाही विचारतो काय, तर हप्ता झेपतो का. विकणाराही तेवढंच सांगतो. "नाही झेपत? मुदत वाढवू की!" दुसऱ्या एका जोडप्याला, खानापूरचं होतं, मी याच 24 लाखांचा हिशेब 8.5 टक्क्यांनी मांडून दाखवला होता. 20 वर्षांना हप्ता 20,828 येतो, 30 वर्षांना 18,454. महिन्याला 2,374 रुपये हलकं वाटतं. एकूण फेड मात्र 50 लाखांवरून साडेसहासष्ट लाखांजवळ जाते. हलकं वाटण्याची किंमत सोळा लाख.

कागद चाळताना आणखी एक गोष्ट सापडली. 24 लाखांतले 86,000 घराला गेलेच नव्हते. तो कर्जाच्या विम्याचा एकरकमी हप्ता होता, कर्जातच मिसळलेला. "ते कंपल्सरी हाय म्हणाले." तसं नसतं. विमा घेणं शहाणपणाचं आहे, कमावता माणूस एकच असेल तर मी स्वतः घ्या म्हणते, पण कर्जासोबत अमुकच विमा घ्यायला कुणी भाग पाडू शकत नाही. आणि कर्जात मिसळला की त्या 86,000 वरही पंधरा वर्षं व्याज चालतं. 7 टक्क्यांनीच धरलं तरी 1,39,000 होतात. यांच्या बाबतीत ते होऊन गेलेलं, म्हणून मी त्यावर फार वेळ घालवला नाही.

पुढचा प्रश्न, करायचं काय?

ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेनं बँकांना स्पष्ट सांगितलेलं आहे, की दर बदलताना कर्जदाराला पर्याय द्यायचा. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे त्याला विचारायचं. मध्येच जादा रक्कम भरण्याची मुभाही द्यायची. बदलत्या दराच्या गृहकर्जावर व्यक्तीला मुदतपूर्व फेडीचा दंड नसतो, हेही त्यांना माहीत नव्हतं. "दंड बसतो म्हणून साडू म्हणालेला." हा साडू पुढेही येणार आहे.

144 हप्त्यांतच संपवायचं तर हप्ता 25,888 करावा लागत होता, म्हणजे 4,316 जास्त. नवऱ्यानं मान हलवली, नाही जमणार. 2,000 वाढवले तर? 214 चे 174 होतात. चाळीस हप्ते कमी. आणि आज एकरकमी 1 लाख भरून हप्ता आहे तोच ठेवला तर 191, म्हणजे एका लाखात 23 महिने गेले. हे ऐकून दोघंही पुढं सरकून बसले.

इथं माझी चूक सांगायला हवी. त्यांची एका पतसंस्थेत 2,40,000 ची ठेव होती, साडेसात टक्क्यांनी. मी लगेच म्हटलं, साडेसात मिळवताय आणि साडेनऊ भरताय, त्यातले दोन लाख काढून कर्जात घाला. हिशेब बिनचूक होता. बाईंनी तो शांतपणे ऐकला आणि म्हणाल्या, "2020 ला कारखाना बंद पडला तवा भिशीचे 30,000 होते म्हणून चूल पेटली, मॅडम. कर्जात घातलेले पैसे बँक परत देईल काय, अडचण आली तर?"

देणार नाही. कागदावर मी बरोबर होते, स्वयंपाकघरात त्या. सहा महिन्यांचे हप्ते म्हणजे साधारण 1,30,000 बाजूला राहिलेच पाहिजेत, हे मीच इतरांना सांगत असते. एक लाखावर ठरलं. वरचे दोन हजार शिलाईच्या पैशातून द्यायचं त्यांनीच कबूल केलं, नवऱ्याला न विचारता. तो नुसता हसला.

साडूचं दुसरं मत होतं, की कर्ज लवकर फेडू नका, टॅक्स वाचतो. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर 2 लाखांपर्यंत वजावट आहे, खरं आहे. नव्या पद्धतीत ती नाही. पण यांच्या पगाराला त्या साली नव्या पद्धतीत कर शून्यच येत होता, 7 लाखांपर्यंत सूट होती. जो कर भरायचाच नाही तो वाचणार कसा? आणि ज्याला खरोखर भरायचा असतो, त्याचाही व्याजाच्या एका रुपयामागे थोडाच भाग वाचतो, बाकीचा खिशातूनच जातो. सल्ला देणाऱ्या नातेवाइकाचा पगार आधी विचारावा असं माझं मत आहे. उघड विचारता येत नाही ही गोष्ट वेगळी.

राहिला दर. त्याच बँकेचा नव्या गिऱ्हाइकाला लावलेला दर चौकशी करून पाहिला, 8.65 होता. जुना माणूस 9.5 भरतोय आणि नवा 8.65! रेपो दोघांना एकच, फरक वरच्या टक्क्यांचा. काही हजारांची फी भरून जुन्यालाही तो दर लावून मिळतो, पण मागावा लागतो. पहिल्या फेरीत त्यांना "साहेब नाहीत" सांगून परत पाठवलं. मग मी साध्या कागदावर अर्ज लिहून दिला, तीनच मागण्या. दर नव्या गिऱ्हाइकाइतका करावा. हप्ता 23,572 करावा. आणि 1 लाख जमा करून हप्ता कमी न करता मुदत कमी करावी. पोच घ्यायला सांगितली.

तिसरी ओळ लिहिली नाही तर घोळ होतो. बऱ्याचदा जादा रक्कम भरली की हप्ता उतरवून देतात, माणूस खूश होतो. यांच्या जुन्या हप्त्यात आणि जुन्या दरात त्या एका लाखानं हप्ता 972 रुपयांनी उतरला असता आणि शेवटपर्यंत निव्वळ फायदा एक लाखाच्या थोडा वर. तोच लाख मुदतीला लावला की फायदा जवळजवळ चार लाख.

ऑक्टोबरचा हप्ता जायच्या आत तिन्ही गोष्टी झाल्या. उरलेले हप्ते 146. मूळच्या 144 पेक्षा दोनच जास्त. एकूण व्याज 29.87 लाखांवरून 19 लाखांवर आलं.

कर्ज अजून घ्यायचंच आहे अशांना एक सांगते. 1 ऑक्टोबर 2024 पासून प्रत्येक गृहकर्जाआधी 'की फॅक्ट स्टेटमेंट' नावाचा कागद द्यावा लागतो. त्यात दर, फी, विमा हे सगळं धरून कर्ज वर्षाला नेमकं किती टक्क्यांना पडतं तो आकडा असतो, आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ताही. हा कागद कर्जदाराला समजेल अशा भाषेत असावा, असा नियम आहे. निपाणीत असा, खानापुरात असा की बेळगावात, मराठीत मागा. लगेच सही करू नका, तो विचार करायला निदान तीन कामाचे दिवस मिळतात, तेवढे घ्या. आणि कर्ज हाउसिंग फायनान्स कंपनीचं किंवा सहकारी बँकेचं असेल तर ते रेपोला बांधलेलं असेलच असं नाही. पेपरात रेपो कमी झाल्याची बातमी वाचून तुमचा दर आपोआप उतरेल, असं धरून चालू नका.

2025 च्या पहिल्या सहा महिन्यांत रेपो फेब्रुवारी, एप्रिल आणि जून असा तीन वेळा उतरून 5.5 वर आला. जुलैत बाईंचा फोन आला. मागं मशीनची घरघर आणि बाहेर पाऊस, दोन्ही ऐकू येत होतं.

"मॅडम, दर 7.65 झालाय म्हणं. हप्ता कमी करून पायजे काय विचारालेत बँकेतनं."

"मग? काय सांगितलं?"

"नको म्हणलं. आहे तेवढाच ठेवा, महिने कमी करा." कागदाची चाळवाचाळव झाली. "या महिन्याचं वाचू काय? व्याज 13,014. मुद्दल 10,558. लाल पेन घरात ठेवलोय मी, पोरगीला गोल काढायला लावते."