'पान दे मुएर्तो'ला मराठीत काय म्हणावं?

एका ताईंचा प्रश्न आहे. त्यांची मुलगी मेक्सिकोत असते. तिथे नोव्हेंबरच्या सुरुवातीला मृतांच्या स्मरणार्थ करतात तो 'पान दे मुएर्तो' नावाचा गोड पाव ती शिकली, आणि ताई त्याची कृती मराठीत लिहून काढताहेत. त्यांनी 'मृतांची भाकरी' असं नाव दिलं, तर सासूबाई म्हणाल्या, खायच्या पदार्थाला असलं अभद्र नाव कशाला? मग 'श्राद्धाचा ब्रेड' म्हणू का, असं त्या विचारतात.

ताई, भाकरी आधी काढून टाका. भाकरी म्हटलं की ज्वारी-बाजरीचं पीठ, परात आणि तवा डोळ्यांपुढे येतो. हा पदार्थ मैद्याचा. अंडी, लोणी, साखर घालून मळलेला, यीस्टने फुगवलेला, संत्र्याच्या किसलेल्या सालीच्या वासाचा. त्याला 'पाव'च म्हणावं, आणि त्याचं कारण फार सुंदर आहे. लॅटिनमधल्या 'पानिस'पासून स्पॅनिशमध्ये 'पान' झाला आणि पोर्तुगीजमध्ये 'पांव'. पोर्तुगीजांचा तो शब्द गोव्याकडून आपल्याकडे आला आणि घरचा झाला. म्हणजे मेक्सिकोतला 'पान' आणि आपला 'पाव' हे सख्खे चुलत भाऊ. पायाने पीठ तुडवतात म्हणून पाव, किंवा चौथा हिस्सा म्हणून पाव, असं अजूनही सांगितलं जातं. त्यात तथ्य नाही. पाव म्हणजे चतुर्थांश हा शब्द संस्कृत 'पाद'वरून आलेला, त्याचं कूळ वेगळं.

मात्र मूळ नाव देवनागरीत लिहाल तेव्हा अवतरणचिन्हं विसरू नका. मराठी डोळा 'पान दे' हे सरळ 'पान दे बाबा' असं वाचतो. त्यात सर्वपित्रीला आपण पितरांचं पान वाढतो, त्यामुळे कुणालाही वाटेल की संबंध असणार. तो नाही. आपलं पान 'पर्ण'वरून आलं.

आता 'मुएर्तो'. हा आणि आपला 'मृत' एकाच प्राचीन मुळाचे. आपले 'मेला' आणि 'मढं' हेही 'मृत'च्याच घरातले. पण सासूबाईंचं म्हणणं मला पटतं. मराठीत आपल्या माणसाबद्दल 'मेला' म्हणत नाहीत. तो वारतो, जातो, देवाघरी जातो. 'मृत' तर पोलिसांच्या पंचनाम्यातला आणि बातमीतला शब्द. मेक्सिकोत मात्र 'माझे मुएर्तोस' असं मायेने म्हणतात. ती माया 'मृतांचा' या शब्दात उतरत नाही.

'श्राद्धाचा' म्हणायला सोपं आहे, कारण श्राद्धाचे वडे, श्राद्धाची खीर असं आपण म्हणतोच. पण श्राद्ध म्हटलं की तिथी, पिंड, तर्पण हे सगळं मागोमाग येतं, आणि यीस्टचा पाव त्या पानात कुणी वाढणार नाही. वाचणाऱ्याची गफलत होईल. 'पितरांचा पाव' कानाला गोड लागतो, मीही आधी तिथेच थांबले होते. अडचण लहान मुलांची आहे. मेक्सिकोत १ नोव्हेंबर हा दिवस गेलेल्या लेकरांचा, २ नोव्हेंबर मोठ्यांचा. लहान वयात गेलेल्या मुलीला पितर कसं म्हणणार?

म्हणून माझं मत 'गेलेल्यांचा पाव'. 'आमच्यातले गेलेले' असं आपण रोज म्हणतो, त्यात अभद्र काही नाही. आणि तिथली श्रद्धा अशी की या दिवसांत गेलेली माणसं घरी येतात. त्यांच्यासाठी मांडलेल्या चौथऱ्यावर फोटो, मेणबत्त्या, पाणी, त्यांच्या आवडीचं खाणं आणि हा पाव ठेवतात. वाट दिसावी म्हणून झेंडूच्या पाकळ्या पसरतात. (झेंडू मूळचा तिकडचाच; आपल्या दसऱ्याला तो फार नंतर आला.) जो गेला तो येऊ शकतो, ही सोय 'गेलेल्यां'मध्ये आहे, 'मृतां'मध्ये नाही.

कृतीतल्या आणखी एका शब्दाबद्दल. पावावर ज्या आडव्या-उभ्या पट्ट्या लावतात त्यांना तिथे 'वेसोस' म्हणतात, म्हणजे हाडं. हा शब्दही आपल्या 'अस्थी'चा नातेवाईक. तरी तिथे 'अस्थी' लिहू नका. मराठीत अस्थी गोळा करतात, विसर्जन करतात. 'पट्ट्या' लिहून अर्थ पुसूही नका. सरळ 'हाडं' लिहा. मैद्याची बोटाएवढी वळी करायची, हाताची बोटं फाकवून तिच्यावर हलकेच दाबत मागेपुढे फिरवायची. बोटांखाली वळी बारीक होते आणि मधल्या फटींत जाड गाठी राहतात. त्या गाठी म्हणजे हाडाचे सांधे.