मंदिरात लग्न झालं, नोंदणी नाही. नवरा लग्नच नाकारतो. मी माहेरी, दारव्ह्याकडे राहते. खावटी मिळेल का?

हो ताई, मिळू शकते. नोंदणी नाही म्हणून लग्नच नाही, असं कायदा म्हणत नाही.

खावटीचा अर्ज पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 125 खाली व्हायचा. 1 जुलै 2024 पासून तो तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 144 खाली होतो. तुम्ही माहेरी, दारव्ह्याकडे राहता ना? मग तिथल्याच कोर्टात करता येतो, सासरच्या तालुक्याला खेटे घालायची गरज नाही. इथे लग्नाचा पुरावा फौजदारी खटल्याइतका काटेकोर लागत नाही. नवराबायको म्हणून बरीच वर्षं एकत्र राहिलात, गाव तसंच ओळखतं, हे दाखवलं तर कोर्ट लग्न गृहीत धरू शकतं.

म्हणून आजच कागद गोळा करा. राशन कार्ड, मतदार यादी, लेकराचा जन्मदाखला, गरोदरपणातलं लसीकरण कार्ड, मंदिरातले फोटो. आणि माणसं: पुजारी, शेजारीण, अंगणवाडीताई. माझ्या मते शेजारणीची साक्ष फार मोलाची, तिने तुमचा संसार रोज पाहिलेला असतो.

त्याची पहिली बायको निघाली तर? ते लपवून त्याने तुमच्याशी लग्न केलं असेल, तर खावटीपुरतं तुम्हाला पत्नी मानावं, असं सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये म्हटलंय. सगळं माहीत असूनही लग्न केलं असेल, तर अवघड जातं. लेकराची खावटी मात्र दोन्ही बाबतीत मागता येते.

वकिलाच्या पैशांची काळजी करू नका. तालुका विधी सेवा समितीत जा. बाईमाणसाला तिथे उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. अर्जातच अंतरिम, म्हणजे निकाल लागेपर्यंतची खावटीही मागा.